नाळे बा

वडगावात जुन्या दारांवर अजून दिसतं,
खडूनं, कधी गेरूनं लिहिलेलं: नाळे बा.
उद्या ये.
रात्री दार वाजवणारी जी कोण असते
ती वाचते, माघारी जाते,
दुसऱ्या रात्री पुन्हा तेच वाचते.
तिला कन्नड कुणी शिकवलं, हे मात्र
आमच्या गल्लीत कधी कुणी विचारलं नाही.

आकाशातल्या त्या धुरकट डागाला
यादीत आकडा आहे, चारशे सात की काहीसा.
शिकलेली माणसं विलंबिका म्हणतात.
तिच्या आत वेळ दाट होतो,
कुंद्याच्या कढईत दूध आटतं तसा,
कडेला आधी.
मागच्या ताऱ्याचा उजेड तिथून येताना चिकटतो.

एवढं कळायला भरमा धामणेकर लागला.

मी तेव्हा कॉलेजात, प्रयोगशाळेचा गडी.
मुचंडीकर बाई दुर्बीण घेऊन राजहंसगडावर निघाल्या की
तिपाई माझ्या खांद्यावर,
लाल कागद गुंडाळलेली बॅटरी माझ्या दातांत.
त्या रात्री वीज गेलेली, माग बंद,
म्हणून भरमा सोबत आला. चिवडा त्याचा.
भिंगाला डोळा लावला नि
त्याचा पाय आपसूक दगडावर पडू लागला,
तारा लुकलुकेल तसा,
खट् फट्, खट् फट्,
आणि वरच्या वर थांबला.
"बाई, मधे धागा तुटलाय की वो."
ढग असेल, बाई म्हणाल्या.
"ढग न्हवं. धोटा गेलाय खरं परत येईना झालाय."
बाईंनी वही उघडली. दोन वाजून अकरा मिनिटं.

यंत्रातला दोष, असं पहिलं उत्तर आलं.
सहा वर्षांनी दुसऱ्या कुणाला तीच फट सापडली
तेव्हा निबंध छापला गेला.
तळटीपेत: बी. धमणीकर, तंत्रज्ञ.
भरमानं तो कागद तेलाच्या डब्याखाली ठेवला,
डबा डुगडुगत होता म्हणून.

मग विलंबिका गावात उतरली.
शहापुरी लुगड्याला नवा काठ आला,
दर सतराव्या धाग्याला एक जागा रिकामी.
ती डोक्यावर असताना अक्षता टाकू नयेत,
असं एका पंचांगवाल्यानं छापलं.
कचेरीतला कारकून म्हणाला, फाइल विलंबिकेत आहे,
आणि रांगेतले सगळे दोन्ही भाषांत एकदमच हसले.
तारीख पुढं जाणं ही आमच्याकडे बातमी नव्हेच.
इरव्वा कांड्या भरता भरता म्हणाली,
वर पण कुणीतरी लिवलंय, नाळे बा.
उजेडाला वाचाय येतं बघ.

गणित असं निघालं की
तोच लुकलुकाट, तीच तुटलेली जागा,
ढगाच्या दाट बाजूनं वळसा घालून
अडतीस वर्षांनी पुन्हा यायची होती.
मार्गशीर्षात. चार रात्री इकडं तिकडं.

बाई राहिल्या नाहीत.
भरमाचे माग वजनावर गेले,
पुढल्या उन्हाळ्यात तोही.

त्याची नात सुगंधा नर्सिंगला आहे.
तिपाई आता तिच्या खांद्यावर, माझे गुडघे माझ्याकडे.
गडावर दिवे फार झालेत,
आम्ही त्यांच्याकडे पाठ करून बसलो.
तीन रात्री धुकं. उद्यमबागेचा लाल उजेड तेवढा.
चौथ्या रात्री तिनं भिंगाला डोळा लावला,
मोजायला माझंच मनगट धरलं,
दोन बोटं, नाडीवर.
बराच वेळ काही बोलली नाही.
मग बोटं एकदम घट्ट झाली.

खाली येळ्ळुरात कुठंतरी कुत्रं भुंकत होतं.
दगडाच्या वीतभर वर
भरमाचा पाय,
अजून टेकायचा.